तुमचे आजोबा त्या तारखेला कुठे होते? मुंबईतल्या घरांची गोष्ट

नेहमीप्रमाणे, ज्यांना कानाला हेडफोन लावायला वेळ नाही आणि लोकलमध्ये उभं राहून वाचायला आवडतं, त्यांच्यासाठी या एपिसोडचा हा लिखित मजकूर. बोलताना अडखळलो होतो ते काढून टाकलंय, बाकी तसंच आहे.

आज सुरुवातीलाच तीन तारखा सांगतो. १ सप्टेंबर १९४०. १ जानेवारी १९८२. १ जानेवारी १९९५. यातली एकही शाळेच्या इतिहासाच्या पुस्तकात सापडणार नाही. त्या दिवशी लढाई झाली नाही की कुणी राजा गादीवर बसला नाही. पण मुंबईत आज कुणाच्या नावावर घर आहे आणि कुणाच्या नाही, याचं बरंचसं उत्तर या तीन तारखांमध्ये आहे.

मला हे कसं कळलं? घर शोधताना. वय अठ्ठावीस, नोकरी आयटीत, राहायला डोंबिवलीत आईवडिलांसोबत. बँकेच्या ॲपने सांगितलं, तुम्हाला एवढं कर्ज मिळू शकतं. मी खूश. मग कळलं की बँक घराच्या किमतीच्या साधारण पंच्याहत्तर ते ऐंशी टक्के देते. बाकीचे, वर स्टँप ड्युटी आणि नोंदणी, हे सगळं आपल्या खिशातून. पगार आहे, पण खिसा नाही. तेव्हा बाबा सहज म्हणाले, "अरे, तुझ्या आजोबांची लालबागला खोली होती." मी म्हटलं, "मग कुठे गेली?" बाबा म्हणाले, "होती म्हणजे, राहायचे. नावावर नव्हती."

"राहायचे" आणि "नावावर" या दोन शब्दांमधलं अंतर म्हणजे आजचा एपिसोड.

प्लेग आणि पहिली पाडापाडी

गोष्ट १८९६ पासून सुरू करू. त्या वर्षी मुंबईत मांडवी भागात प्लेग आला. डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी तो ओळखला. शहर रिकामं व्हायला लागलं, गिरण्यांना माणसं मिळेनात. इंग्रज सरकारला तेव्हा साक्षात्कार झाला की कामगार राहतात त्या खोल्यांमध्ये हवा आणि उजेड नाही. १८९८ मध्ये कायदा करून बॉम्बे सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. काम काय? दाट वस्त्या पाडायच्या, रुंद रस्ते काढायचे, नवीन जमीन तयार करायची आणि गरिबांसाठी स्वच्छ घरं बांधायची.

पाडणं सोपं होतं, ते जोरात झालं. सँडहर्स्ट रोड आणि प्रिन्सेस स्ट्रीट हे रस्ते त्यातूनच निघाले. बांधणं मात्र मागे पडलं. ज्यांच्या खोल्या पडल्या ते शेजारच्या गल्लीत गेले आणि तिथली गर्दी वाढली. ट्रस्टने काही चाळी बांधल्या, त्यांना आजही बीआयटी चाळी म्हणतात. परळच्या अशाच एका चाळीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१२ पासून जवळजवळ बावीस वर्षं राहिले. परदेशातल्या पदव्या घेऊन आल्यावरही तिथेच.

इथे एक गोष्ट सांगायलाच हवी. १९१७ मध्ये बाबासाहेब बडोदा संस्थानात नोकरीला गेले, तेव्हा त्या शहरात त्यांना कुणी राहायला जागा देईना. एका पारशी धर्मशाळेत कसेबसे राहिले, तर जात कळल्यावर लोकांनी तिथूनही घालवलं. हातात मोठी नोकरी होती, भाडं द्यायची ऐपत होती. तरी घर नाही. म्हणजे पैसा असला की घर मिळतं, हे गणित आपल्याकडे कधीच पूर्ण खरं नव्हतं.

ट्रस्टने दादर-माटुंगा भागात मोकळे प्लॉट पाडून भाडेपट्ट्याने दिले. ते कुणी घेतले? ज्यांच्याकडे बांधायला पैसे होते आणि एकत्र यायला समाज होता त्यांनी. पारसी कॉलनी, हिंदू कॉलनी ही नावंच बघा ना. १९१५ मध्ये गावदेवीला सारस्वत समाजाने सहकारी गृहनिर्माण संस्था काढली, ती आशियातली पहिली मानली जाते. कल्पना उत्तम होती: दहा जणांनी मिळून जमीन घ्यायची, मिळून बांधायचं. मध्यमवर्गाला घरमालक होण्याचा मार्ग सापडला. फक्त सभासद कोण, हे आपापसात ठरायचं. ही सवय किती टिकली बघा. अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सहकारी संस्था आपल्या उपविधीत सभासदत्व एका समाजापुरतं ठेवू शकते. आज फ्लॅट बघायला गेल्यावर एजंट आधी आडनाव विचारतो आणि मग "नॉनव्हेज चालतं का" विचारतो, तेव्हा त्यामागे शंभर वर्षांची सवय असते.

एकशे साठ चौरस फूट

गिरणी कामगारांसाठी सरकारने मोठा प्रयत्न केला तो १९२० नंतर. गव्हर्नर जॉर्ज लॉइडच्या काळात बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट निघालं. म्हणजे आपलं बीडीडी. पन्नास हजार खोल्या बांधायचा बेत होता. झाल्या साधारण सोळा हजार. वरळी, नायगाव, डिलाइल रोड आणि शिवडी मिळून २०७ चाळी. खोली १६० चौरस फुटांची, संडास मजल्यावर सामाईक. सुरुवातीला तर कितीतरी खोल्या रिकाम्या राहिल्या, कारण कामगाराला भाडं परवडेना आणि वरळी त्याला लांब वाटायची. १९३० च्या सविनय कायदेभंगाच्या वेळी सरकारने वरळीच्या चाळींचा तुरुंग म्हणूनही वापर केला. पुढे त्याच खोल्यांत एकेका कुटुंबाच्या तीन-तीन पिढ्या वाढल्या.

पहिली तारीख: १ सप्टेंबर १९४०

दुसरं महायुद्ध सुरू झालं. शहरात माणसं वाढली, खोल्या नाहीत, भाडी चढली. मग भाडेनियंत्रण आलं आणि १९४७ मध्ये प्रसिद्ध मुंबई भाडे कायदा झाला. ढोबळ नियम असा: १ सप्टेंबर १९४० ला जे भाडं होतं तेच प्रमाण भाडं. मालकाला वाढवता येणार नाही, भाडेकरूला सहजी काढता येणार नाही, आणि भाडेकरू गेल्यावर त्याच्यासोबत राहणाऱ्या घरच्यांना तो हक्क मिळणार.

आता नीट विचार करा. फाळणीच्या वर्षी, घरांच्या भयंकर टंचाईत, हा कायदा नसता तर लाखो कुटुंबं रस्त्यावर आली असती. म्हणून "भाडे कायद्याने मुंबईची वाट लावली" असं कुणी एका वाक्यात म्हणालं की मला ते पटत नाही. पण तात्पुरता म्हणून आलेला हा कायदा पन्नास वर्षं राहिला. महागाई कुठल्या कुठे गेली, भाडं तिथेच. मालक म्हणाला, एवढ्या भाड्यात मी कौलं का बदलू? त्याने दुरुस्ती सोडली. नवीन माणसाने भाड्यासाठी इमारत बांधणं सोडलं. आणि खोली हातोहात जायची ती पागडी देऊन, म्हणजे एकरकमी मोठी रक्कम मोजून. १९४७ च्या कायद्याने पागडीला मनाई होती. पण ती सगळीकडे चालायची, आणि १९९९ च्या नव्या भाडे कायद्याने ती अधिकृतच केली. त्याआधी १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की गोठवलेलं प्रमाण भाडं आता वाजवी राहिलेलं नाही. नव्या कायद्याने वर्षाला चार टक्के वाढ दिली. जिथे मूळ भाडंच चाळीस-पन्नास रुपये, तिथे चार टक्के म्हणजे एक वडापावसुद्धा नाही.

इमारती कोसळू लागल्या तेव्हा १९६९ मध्ये दुरुस्ती मंडळाचा कायदा झाला. जुन्या इमारतींवर उपकर बसवून त्यातून दुरुस्ती करायची. अशा उपकरप्राप्त इमारती निघाल्या १९,६४२. पुढे नियम आला की या जुन्या इमारतींचा पुनर्विकास करताना भाडेकरूला नवं घर फुकट आणि मालकीचं मिळेल. म्हणजे १९४० च्या सुमाराला ज्याने कुणी भाड्याने खोली घेतली, त्याचा नातू घरमालक. पुरावा काय? भाडेपावती.

आता माझे आजोबा. ते १९४४ मध्ये पाटण तालुक्यातून मुंबईला आले आणि गिरणीत लागले. राहायला लालबागला गावच्या लोकांच्या खोलीत. अशा खोल्या तेव्हा गल्लोगल्ली होत्या. पंधरा-वीस माणसं एका खोलीत, दिवसपाळीवाले रात्री झोपायचे आणि रातपाळीवाले दिवसा. प्रत्येकाची एक ट्रंक आणि भिंतीवर एक खुंटी. खोलीचं भाडं सगळे मिळून द्यायचे. पावती मात्र एकाच्या नावावर फाटायची. ती आजोबांच्या गाववाल्याच्या नावावर होती. आजोबांनी सव्वीस वर्षं भाड्यातला आपला वाटा भरला. त्याचा एकही कागद आमच्या घरात नाही.

बायकांचं तर विचारूच नका. आजी गावाला शेती सांभाळायची. ती मुंबईला कायमची आली १९७० मध्ये, डोंबिवलीत खोली घेतल्यावर. मी माझ्या मित्रांकडे विचारून बघितलं, कुणाच्या आजीच्या नावावर जुनी पावती आहे का? नवरा वारल्यावर झाली असेल तर झाली.

दुसरी तारीख: १ जानेवारी १९८२

१८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरणी संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच नाही, गिरण्याच हळूहळू मिटल्या. उरली जमीन, शहराच्या मधोमध सुमारे ६०० एकर.

१९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत या जमिनीसाठी नियम आला, क्रमांक ५८. थोडक्यात: गिरणीची जमीन विकसित करायची तर एक तृतीयांश महापालिकेला मैदानांसाठी, एक तृतीयांश म्हाडाला परवडणाऱ्या घरांसाठी आणि एक तृतीयांश मालकाला. २००१ मध्ये नियम बदलला. वाटणी आता सगळ्या जमिनीची नाही, फक्त मोकळ्या जागेची. गिरणीत मोकळी जागा असते किती? बहुतेक जमिनीवर तर शेड. २००५ मध्ये उच्च न्यायालयाने हा बदल अडवला, पण मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. तीन समान वाटे होणार होते, त्यातले दोन आक्रसून गेले. आज लोअर परळला ऑफिसला जाताना आपण ज्या काचेच्या इमारतींमध्ये शिरतो, त्यांच्या खाली ही वाटणी आहे.

जे थोडं म्हाडाला मिळालं त्यावर कामगारांसाठी घरं बांधली. २०१२ मध्ये पहिली मोठी सोडत निघाली, साधारण सात हजार घरांची. अर्ज होते दीड लाखाच्या आसपास. पात्र कोण? १ जानेवारी १९८२ ला किंवा त्यानंतर गिरणीच्या हजेरीपटावर होता तो, किंवा त्याचे वारस.

माझे आजोबा निवृत्त झाले १९८१ च्या दिवाळीआधी. अडीच महिने. सदतीस वर्षं साच्यावर उभं राहिलेला माणूस अडीच महिन्यांनी यादीबाहेर. बाबा सांगतात, आजोबांना तेव्हा आपण सुटलो असंच वाटलं होतं. फंडाचे पैसे हातात आले होते, संपात होरपळलो नाही. आणि ते खरंही होतं. मागे राहिलेल्यांचे संसार मोडले. त्या तारखेचा घराशी संबंध लागेल हे १९८१ मध्ये कुणाला ठाऊक?

तिसरी तारीख: १ जानेवारी १९९५, आणि तिची पिल्लं

भाड्याची नवीन खोली बांधायची बंद झाल्यावर शहरात येणारा माणूस राहणार कुठे? जिथे जागा दिसेल तिथे. झोपडपट्टी आळशी माणसांनी उभी केली नाही. तिथे राहणाऱ्यांनीच शहर झाडलं, इमारती बांधल्या, आपल्याकडे भांडी घासली. १९७१ मध्ये झोपडपट्टी कायदा आला. १९७६ मध्ये झोपड्यांची गणना होऊन फोटोपास मिळाले. १९८१ मध्ये सरकारने फुटपाथवरच्या लोकांना हटवायचं ठरवलं, त्यातून ओल्गा टेलिस खटला उभा राहिला. १९८५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. पुढे मात्र असंही म्हणालं की रीतसर नोटीस देऊन हटवता येईल, आणि १९७६ च्या गणनेत ज्यांची नोंद आहे त्यांना पर्यायी जागा द्या. पुन्हा तारीख!

१९९५ मध्ये युती सरकार आलं, फुकट घरांच्या आश्वासनावर. झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरण, म्हणजे एसआरए, तेव्हाचं. गणित असं: बिल्डरने झोपडीवाल्यांना फुकट घर बांधून द्यायचं, सुरुवातीला २२५ चौरस फुटांचं. बदल्यात त्याला जास्तीचा एफएसआय, त्यात बांधलेले फ्लॅट बाजारभावाने विकायचे. म्हणजे जमीन महाग तिथे योजना पळणार, स्वस्त तिथे रखडणार. आणि पात्र कोण? १ जानेवारी १९९५ च्या मतदार यादीत नाव असलेला. पुढे ही तारीख १ जानेवारी २००० झाली. नंतर १ जानेवारी २०११ पर्यंतच्यांना घर, पण पैसे भरून. २०२३ मध्ये ती किंमत अडीच लाख ठरली. दर काही वर्षांनी तारीख सरकते, आणि सरकण्याचा निवडणुकांशी संबंध नसतो असं कुणी छातीठोकपणे म्हणू शकणार नाही.

मी कोड लिहितो. आमच्या भाषेत ही एक इफ कंडिशन आहे: तारीख अमुकच्या आधीची असेल तर घर, नाहीतर शून्य. मध्ये काहीच नाही. ३१ डिसेंबरला आलेला नागरिक आणि २ जानेवारीला आलेला अतिक्रमण करणारा. २०११ च्या जनगणनेत मुंबईतले सुमारे बेचाळीस टक्के लोक झोपडपट्टीत राहत होते. एवढ्यांचं आयुष्य एका ओळीच्या कंडिशनवर.

आणि आपण, पगारवाले

आपल्यासाठीही एक दार उघडलं. १९७७ मध्ये हसमुखभाई पारेखांनी एचडीएफसी सुरू केली. त्याआधी नोकरदार माणूस घर घ्यायचा तो फंड, दागिने आणि निवृत्तीच्या पैशातून, डोक्याचे केस पांढरे झाल्यावर. गृहकर्जामुळे तो तिशीत घर घेऊ लागला. पण त्या दारालाही कागद लागतो: सॅलरी स्लिप, फॉर्म सोळा. रिक्षावाल्याची, भाजीवाल्याची कमाई माझ्याइतकी असली तरी बँकेला ती दिसत नाही. आणि कर्जाच्या वरचे पंचवीस टक्के कुठून येतात? माझ्या ऑफिसात ज्यांनी घर घेतलं त्यातल्या बहुतेकांच्या वडिलांनी काहीतरी विकलं. विकायला ते असावं लागतं. ते कुठून आलं असं विचारत मागे गेलात, की कुठल्यातरी तारखेपाशी पोचता.

मला यातून एकच म्हणायचंय. भाडेकरूला संरक्षण मिळालं, झोपडीवाल्याला घर मिळालं, कामगाराला सोडत मिळाली, यात कुणाचंही चुकलं नाही. ते फुकटे नाहीत. चुकलं हे की दर वेळी आत असलेल्यांसाठी दार उघडलं आणि त्यांच्या पाठीमागे ते लगेच बंद केलं. उद्या येणाऱ्या माणसासाठी, रांगेत न लागता, वशिला न लावता, दोन वर्षं बरं राहता येईल अशी साधी भाड्याची खोली मुंबईने बीडीडीनंतर मोठ्या प्रमाणात बांधलीच नाही. त्याला मालकी नको होती हो. आजोबांनाही सुरुवातीला कुठे हवी होती?

ज्याच्या नावावर पावती होती

एपिसोडची तयारी करताना मी त्या गाववाल्याच्या नातवाला भेटलो. आमची ओळख गावच्या जत्रेतली. खरं सांगतो, मनात थोडी असूया घेऊनच गेलो होतो. त्याची इमारत पुनर्विकासाला गेलीय, मालकीचा फ्लॅट मिळणार.

तो मला कुर्ल्याच्या एका भाड्याच्या घरात भेटला. इमारत पाडून नऊ वर्षं झाली. पायलिंग होऊन काम थांबलंय. बिल्डर सुरुवातीला भाडं द्यायचा, आता देत नाही. त्याने प्लॅस्टिकच्या पिशवीतून जुन्या पावत्या काढल्या. पिवळ्या पडलेल्या, कोपऱ्यात मालकाचा शिक्का. मी एक हातात घेऊन बघत बसलो. तो म्हणाला, "तुझं बरं आहे रे. डोंबिवलीला का होईना, दार उघडून आत तरी जाता येतं."

वरळीच्या बीडीडीत ऑगस्ट २०२५ मध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना पाचशे चौरस फुटांच्या घरांच्या चाव्या मिळाल्या. तो व्हिडिओ त्याने मला दाखवला. किती वेळा पाहिला असेल कुणास ठाऊक. मी त्याला म्हटलं, तुमचंही होईल. तो म्हणाला, "पावती आहे. होईल."

निघताना त्याने मला एका पावतीचा फोटो काढू दिला. १९५३ सालची, त्याच्या आजोबांच्या नावाची. घरी येऊन बाबांना दाखवला. बाबांनी मोबाईल डोळ्यांजवळ नेला, झूम केलं आणि म्हणाले, "यात आपले पण पैसे आहेत."

तर मंडळी, या आठवड्यात घरच्या मोठ्या माणसांना एवढंच विचारा: आपण मुंबईत, पुण्यात, जिथे कुठे आलो, तिथे पहिली खोली कुठली होती, आणि कागद कुणाच्या नावावर होता? उत्तर ऐकून घ्या, जमलं तर रेकॉर्डही करा. पुढच्या एपिसोडमध्ये भेटू. तोवर काळजी घ्या.